काल्यातील पुडा

गेल्या सप्ताहात काल्याच्या दिवशी आमच्या गावी एक लहानशी गोष्ट घडली. गोष्ट एवढीशीच, पण तिने एक प्रश्न मनात सोडला, आणि तो काही केल्या सुटेना. म्हणून तो वाचकांपुढे मांडीत आहोत.

जऊळका हे वाशीम जिल्ह्यात मालेगाव तालुक्यातले गाव. अकोला-पूर्णा लोहमार्गावर येथे स्टेशन आहे, म्हणून 'जऊळका रेल्वे' याच नावाने ते ओळखले जाते. येथला सप्ताह चार गावांसारखाच. काकडा, पारायण, हरिपाठ, रात्री कीर्तन, आणि शेवटी काल्याचे कीर्तन. त्या दिवशी बुवांनी गोपाळांच्या शिदोऱ्यांचे वर्णन असे काही रंगवले की म्हाताऱ्या बायका डोळ्यांना पदर लावून बसल्या. कोणाची शिळी भाकरी, कोणाच्या कण्या, कोणाचे आंबट ताक. देवाने कोणाचे नाकारले नाही, सगळे एकत्र कालवले. हंडी फुटली. मग आमच्याकडील रिवाजाप्रमाणे मुलांनी घरून आणलेले परातीत टाकायला सुरुवात केली. कोणी ज्वारीच्या लाह्या, कोणी दही, कोणी पोहे, कोणी भिजली डाळ, कोणी पेरूच्या फोडी.

तेवढ्यात सात-आठ वर्षांचे एक पोर पुढे आले. हरभरा सोंगणीचे दिवस. त्याची आई पहाटेच मजुरीला गेलेली. पोराने दुकानातून पाच रुपयांचा एक पुडा आणला होता, मसाला लावलेल्या तळीव कुरकुरीत काड्यांचा. तो त्याने दातांनी फोडला आणि परातीत ओतला. दोघे-चौघे हसले. एक जाणते गृहस्थ मात्र ओरडले, "अबे, हे काय टाकून रायला काल्यात? बाटवलं ना सारं!" पोर रडकुंडीस आले. बुवा टाळ खाली ठेवून म्हणाले, "राहू द्या, महाराज. त्याच्या घरची शिदोरी आज तेच हाय." आणि परात कालवली गेली.

काला हाती आला, आम्ही तो मस्तकी लावून तोंडात टाकला. खरे सांगायचे तर सबंध काल्याला त्या एका पुड्याची चव आली होती. दही होते, पण लागत नव्हते. लाह्या होत्या, पण त्या लाह्या वाटत नव्हत्या.

बुवांचे बरोबर की त्या गृहस्थांचे? बुवांचेच बरोबर, असे आम्ही तेव्हाही म्हटले आणि आजही म्हणतो. वारकरी पंथात शिदोरीवरून माणसाला मागे सारण्याची सोय नाही. पण एवढ्याने प्रश्न मिटत नाही. का मिटत नाही ते सांगण्यासाठी दुसरी गोष्ट सांगावी लागते, आणि ती सांगताना आम्हांस संकोच वाटतो. कारण त्यात आमचाही हात आहे.

आमच्या दिंडीत एक वयोवृद्ध वीणेकरी होते. साखरेचा विकार त्यांना बारा वर्षांपासून. पण वीणा गळ्यात घातली की चार तास ती खाली येत नसे. पूर्वी वाटेवरच्या गावांत दिंडी पोचली की घरोघरून भाकऱ्या गोळा होत. झुणका, अंबाडीची भाजी, तुरीचे घट्ट वरण, जवसाची चटणी. आता तेथील मंडळींचा भाव तोच आहे, किंबहुना जास्तच आहे. पण भाकरी थापायला घरात माणूस नाही. तेव्हा रस्त्याच्या कडेला मांडव घालून लोक उभे राहतात आणि वारकऱ्याच्या हाती बिस्किटाचा पुडा, फरसाणाची पुडी, गोड पेयाची बाटली देतात. दहा पावलांवर दुसरा मांडव. तेथेही तेच, वर अर्धा पेला साखरेचा चहा. आमचे म्हातारबाबा कशालाच नाही म्हणत नसत. आम्ही एकदा म्हटले, "बाबा, तुम्हाले चालत नाही ना हे?" तर ते म्हणाले, "देनारा माउली म्हनून देते. त्याले नाही कसं म्हनू? परसादाले नाही म्हनलं त पाप लागते."

तीन वर्षांपूर्वी वारीहून परतल्यावर त्यांच्या डाव्या पायाच्या अंगठ्याची जखम भरेना. शेवटी अंगठा काढावा लागला. एकट्या बिस्किटाने हे झाले असे डॉक्टरही म्हणाले नाहीत आणि आम्हीही म्हणत नाही. वय होते, चुकवलेल्या गोळ्या होत्या, तापल्या डांबरावरचे चालणे होते. पण त्या वर्षी दिंडीच्या कोठीची जबाबदारी आमच्याकडे होती. एका भाविक व्यापाऱ्याने दिलेली बिस्किटांची खोकी आम्हीच हात जोडून स्वीकारली आणि सकाळ-संध्याकाळ आम्हीच ती वाटली. फुकट मिळाले, चूल पेटवावी लागली नाही, म्हणून मनात बरेही वाटले. आज ती वीणा दुसऱ्याच्या गळ्यात आहे, आणि बाबा घराच्या ओट्यावर बसून हरिपाठ म्हणतात.

तेव्हा प्रश्न असा आहे: श्रद्धेने दिलेले अन्न नाकारावे काय? काला म्हणतो, नाकारू नये. बाबांचा पाय म्हणतो, नाकारायला हवे होते. दोन्ही खरे आहे.

पुष्कळ लोक याचे उत्तर झटकन देतात. म्हणतात, "कारखान्यातले सारे अन्न वाईट, घरचे सारे चांगले. पूर्वीचे लोक शंभर वर्षे जगत." हे आम्हांस पटत नाही. पूर्वी शंभर वर्षे जगणारे गावात एखाददुसरे, आणि देवीने, पटकीने, उपासमारीने जाणारे घरटी निघत. शिवाय अन्नावर संस्कार करून ते टिकवणे यात पाप असते तर आपल्या आया-आज्यांनी उन्हाळाभर पापड, कुरडया, सांडगे, शेवया केल्याच नसत्या. गीतेच्या १७ व्या अध्यायात आहाराचे सात्त्विक, राजस, तामस असे भेद सांगितले आहेत, आणि प्रहर उलटून गेलेले अन्न तामसात घातले आहे. ते अक्षरशः धरून बसलो तर लोणच्याची बरणीसुद्धा घराबाहेर काढावी लागेल. मुद्दा शिळेपणाचा नाही.

आणखी एक गोष्ट पुरुषमंडळी विसरतात. जनाबाईंबरोबर पांडुरंग जाते ओढू लागले ही कथा आपण डोळे मिटून ऐकतो. पण जाते ओढताना देवाला यावेसे वाटले, याचा अर्थ ते काम किती जड होते! पिठाची गिरणी गावात आली तेव्हा एकाही बाईने जात्यासाठी अश्रू ढाळल्याचे आमच्या ऐकिवात नाही. आज सोंगणीहून सांजच्याला परतलेली माय दहा रुपयांत पोराची भूक भागवते, तिला आम्ही ओट्यावर बसून धर्म शिकवावा हे शोभत नाही. तिचा वेळ आम्ही वाचवला नाही. तो पुड्याने वाचवला. ही गोष्ट प्रथम कबूल करूनच पुढे बोलले पाहिजे.

मग बिघडले काय, आणि केव्हा? एका दिवसात नाही. आमच्या वडिलांच्या पिढीने पहिला बदल पाहिला तो तुपाच्या डब्यात. द्रवरूप तेलात हायड्रोजन वायू कोंडून ते घट्ट करण्याची युक्ती जर्मनीतल्या विल्हेल्म नॉर्मन यांनी १९०२ साली काढली. आपल्याकडे १९३७ साली 'डालडा' बाजारात आला आणि खेडोपाडी वनस्पती तूप म्हणजे डालडाच झाला. दिसायला तुपासारखे, थिजायला तुपासारखे, दाणा तुपासारखा. त्याची तुपात भेसळ होऊ लागली, तेव्हा सरकारने नियम केला की प्रत्येक वनस्पती तुपात निदान शेकडा ५ तिळाचे तेल घालावे. कारण तिळाचे तेल असेल तर रसायनाच्या परीक्षेत लाल रंग उमटतो आणि चोरी उघडी पडते. या नियमाचे आम्हांस नेहमी नवल वाटते. जे अन्न ओळखू यावे म्हणून मुद्दाम त्यात खूण घालावी लागते, ते आले तेव्हाच माणसाची जीभ फसू लागली होती. आणि त्या घट्ट तेलातली ट्रान्स चरबी हृदयाला घातक, हे पक्के कळून अन्न सुरक्षा प्राधिकरणाने ती शेकडा २ वर आणली ती जानेवारी २०२२ मध्ये. मधल्या ८५ वर्षांत किती नैवेद्य त्यावर झाले असतील!

दुसरा बदल आमच्या शेतातला. वाशीम जिल्हा आज सोयाबीनचा जिल्हा म्हणून ओळखला जातो. पूर्वी येथे ज्वारी, कापूस, तूर, आणि कडेला करडी-जवस. १९८० नंतर हळूहळू सोयाबीन आले आणि ज्वारीच्या जागेवर बसले. त्याची कारणे खोटी नव्हती: चार महिन्यांत पीक, रोख पैसा, पाखरांची राखण नाही. पण वाचकहो, जरा विचार करा. ज्वारी पेरणारा आपल्या शेतातले खात होता. सोयाबीन पेरणारा आपल्या शेतातले खाऊच शकत नाही. त्या दाण्यात शेकडा १८ ते २० तेल आणि शेकडा ४० च्या आसपास प्रथिन. पण ते कारखान्यात हेक्झेन नावाच्या द्रावकाने निराळे काढावे लागते. पेंड कोंबड्यांच्या खाद्याला जाते, तेल शुद्ध होऊन पिशवीत येते. आम्ही मालेगाव-वाशीमच्या बाजारात पोती टाकतो आणि त्याच मोटारीतून तेलाची पिशवी घरी आणतो. घाणी गेली, घाणीवाला गेला, करडीच्या तेलाचा वास गेला. राहता राहिले धान्य. रेशनवर माणशी ५ किलो मिळते, २०२३ पासून फुकट मिळते. गरिबाच्या घरात त्याचे उपकार आहेत. पण त्यात बहुतेक गहू-तांदूळच. ज्वारीची भाकरी वऱ्हाडात पाहुणी झाली.

आता आम्ही ज्या ठिकाणी येतो तेथे वारकरी बांधवांना थोडे झोंबेल. एकादशीचा उपवास घ्या. वर्षाच्या २४ एकादश्या आपण नेमाने धरतो. त्या दिवशी धान्य वर्ज्य. मग खातो काय? साबुदाणा. तो सोवळ्यातला, सनातन, जणू पुंडलिकाच्या काळापासून चालत आलेला असे आपण मानतो. वस्तुतः साबुदाणा कोणत्याही झाडाला लागत नाही. पूर्वी तो मलायाकडून ताडासारख्या एका झाडाच्या गाभ्यापासून होऊन येत असे. दुसऱ्या महायुद्धात ती आयात थांबली, तेव्हा १९४३ च्या सुमारास तामिळनाडूतल्या सेलम भागात टॅपिओका कंदापासून तो करू लागले. कंद सोलायचा, किसायचा, धुवायचा, खाली बसलेले सत्त्व घेऊन त्याच्या गोळ्या वळवायच्या, भाजायच्या, वाळवायच्या. उरतो तो जवळजवळ निव्वळ पिठूळ भाग. कंदातले बाकी सारे धुऊन गेलेले. तो कंद मूळचा अमेरिकेतला. बटाटा तिकडचाच, शेंगदाणा तिकडचा, मिरचीही तिकडची. अर्थात, परदेशातून आले म्हणून ते अपवित्र, असे आम्ही म्हणत नाही. मिरचीवाचून वऱ्हाडी माणूस जगेल कसा! आम्ही एवढेच म्हणतो की कारखान्याचे अन्न आपल्या घरात मागच्या दाराने शिरले नाही. ते देवघराच्या दाराने, उपवासाचे नाव घेऊन आले आणि आपण त्याला पाट दिला. 'एकादशी अन् दुप्पट खाशी' ही म्हण लोकांनी उगीच केलेली नाही. आता तर उपवासाचा चिवडा, उपवासाच्या चकत्या, सगळे पुड्यात मिळते, आणि वर 'उपवास' असे छापलेले असते. छापले की झाला उपवास!

याच्या मुळाशी काय आहे हे आम्हांस बरेच दिवस उमगत नव्हते. एक प्रयोग वाचनात आला, त्याने थोडा उजेड पडला. अमेरिकेत सरकारी आरोग्य संस्थेत केव्हिन हॉल व त्यांच्या सहकाऱ्यांनी २० माणसांना महिनाभर दवाखान्यातच ठेवून घेतले. दोन आठवडे कारखान्यात अति प्रक्रिया केलेले अन्न, दोन आठवडे साधे शिजवलेले. दोन्ही ताटांत साखर, चरबी, मीठ, चोथा सारखा मांडलेला. सांगितले एवढेच की हवे तेवढे खा. २०१९ साली निष्कर्ष प्रसिद्ध झाला: कारखान्याच्या अन्नावर तीच माणसे दिवसाला सुमारे ५०० कॅलरी जास्त खात होती, भराभर खात होती, आणि दोन आठवड्यांत त्यांचे वजन जवळपास एक किलोने वाढले. साध्या अन्नावर तेवढेच उतरले. माणसे तीच, लोभ तोच. बदलले होते ते अन्न. मऊ, चटकन गिळता येईल असे, आणि हात थांबू नये असेच बनवलेले.

हे वाचले आणि आम्हांस आपली पंगत आठवली. पंगतीत वाढपी असतो. तो वाकून विचारतो, "माउली, आणखी?" आणि जेवणारा पानावर आडवा हात धरून म्हणतो, "पुरे." या 'पुरे'मध्ये वारकऱ्याचे निम्मे साधन आहे असे आम्हांस वाटते. ज्ञानेश्वर माउलींनी सहाव्या अध्यायात मोजक्या आहाराचा जो विचार विस्तारला आहे, तो अरण्यातल्या योग्यासाठीच नव्हे. तो या आडव्या हातासाठीही आहे. पुड्याला वाढपी नाही. पुडा विचारीत नाही आणि आपण उत्तर देत नाही. तो संपतो तेव्हाच हात थांबतो, आणि पोट भरलेले नसते, म्हणून दुसरा फुटतो. भारतात आज सुमारे १० कोटी १० लाख लोकांना मधुमेह आहे असे २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या देशव्यापी पाहणीत आढळले. हा विकार पूर्वी शहरातल्या बैठ्या लोकांचा मानीत. आता तो अनवाणी चालणाऱ्याच्या पायात आला.

म्हणून काल्याचा प्रश्न आणि बाबांच्या पायाचा प्रश्न आम्हांस आता निराळे दिसू लागले आहेत. पोराने पुडा ओतला तेव्हा त्याने जवळ होते ते सगळे दिले, ती शिदोरी. आम्ही खोकी वाटली तेव्हा आमच्या जवळ चूल होती, हात होते, ज्वारी विकत घेण्यापुरता पैसाही होता. आम्ही कष्ट वाचवले आणि त्याला अन्नदान म्हटले. घेणाऱ्याने काय करावे हा प्रश्न बाबांच्या माथी मारून आम्ही मोकळे झालो होतो. म्हातारा माणूस भिडेने नाही म्हणणार नाही, हे ठाऊक असताना त्याच्या हाती ते ठेवणे, याला दान म्हणावे की आणखी काही? गूळ-शेंगदाणे द्यायला कोणी अडवले होते काय? बरे, साखरवाल्याला गूळही चालत नाही, मग त्याला भाजलेले फुटाणे द्यावेत, ताक द्यावे, आणि आधी विचारावे, "बाबा, तुम्हाले चालते काय?" एवढे विचारायला काही खर्च नव्हता. आम्ही विचारले, आणि उत्तर ऐकूनही पुडा परत घेतला नाही.

पंधरा दिवसांपूर्वी पुढच्या सप्ताहाची बैठक देवळात झाली. आम्ही हा विषय काढला. शेवटच्या दिवशी बुंदी आणि मधल्या दिवसांत पुडे, या ऐवजी सातही दिवस भाकरी, वरण, भाजी करावी असे सुचवले. पुरुषमंडळींनी माना डोलावल्या. मागून एक बाई उठल्या, पदर सावरीत म्हणाल्या, "डोके हालवाले काय जाते? पाचशे भाकरी थापन कोन? आमी दिवसभर वावरात, अन् रातच्याला तुमच्या पंगतीच्या भाकरी बी आमीच?" सभामंडपात शांतता पसरली. आम्हांस तर जात्याची कथा तेथेच आठवली. शेवटी ठरले ते असे: भाकरी पुरुषांनी थापायच्या. ज्याला येत नाही त्याने आठ दिवस आधी घरी शिकायची. दोघे तरुण हसत बाहेर गेले, पण नावे देऊन गेले. बिस्किटांची खोकी देणाऱ्या व्यापाऱ्याकडे आम्ही स्वतः गेलो. वाईट वाटेल अशी भीती होती. ते म्हणाले, "मग मी तूर डाळ देतो. मला काय, सेवा पाहिजे."

ओट्यावर बाबांना हे सांगितले. ते म्हणाले, "अन् त्या पोराले लाह्या कोन देईन?" आम्ही विचार केलाच नव्हता. बाबांच्या सुनेने आतून सांगितले की काल्याच्या आदल्या रात्री ती दोन पायली ज्वारी भाजून लाह्या फोडील, आणि ज्या घरी माय नाही किंवा मजुरीला गेली आहे, त्या पोरांच्या हाती ओंजळ-ओंजळ देईल; परातीत टाकायचे ते पोरांनीच टाकायचे. आणि एखाद्याने पुडा आणलाच तर? बाबा म्हणाले, "आनू द्या. हाकलू नोका."

सात दिवसांच्या भाकरीसाठी किती ज्वारी लागेल याचा हिशेब काल रात्री केला. मग गावात ज्वारी पेरलेली घरे मोजली. दोन निघाली. बाकीची मालेगावच्या बाजारातून विकत आणावी लागणार आहे, आणि पैसे सोयाबीनचेच असतील.